शॉर्टमध्ये १९वा आणि शेवटी ब्राँझ, हे कसं काय? (मॉन्ट्रियल २०२४ वर्ल्ड्स)

रोलरवाली_आई:
नमस्कार मंडळी, माझी लेक ११ वर्षांची आहे, आर्टिस्टिक रोलर करते, त्यामुळे आता तिच्याबरोबर बसून मीही बर्फावरच्या स्केटिंगचे व्हिडिओ बघायला लागलेय. काल आम्ही २०२४ च्या मॉन्ट्रियल वर्ल्ड्समधली (फिगर स्केटिंगची जागतिक स्पर्धा) पुरुषांची स्पर्धा पाहिली आणि निकाल लागल्यावर दोघी एकमेकींकडे बघतच बसलो. फ्रान्सचा अ‍ॅडम सियाओ हिम फा शॉर्ट प्रोग्रॅमला (म्हणजे पहिल्या, छोट्या फेरीला) १९वा होता, तो तिसरा आला! आणि जपानचा शोमा उनो शॉर्टला पहिला, तो चौथा?? वर त्या फ्रेंच मुलाने मधेच चक्क कोलांटी मारली, ती चालते का? लेक विचारतेय आणि मला काहीच सांगता येत नाहीये. अजून एक, आमच्याकडे क्वॉड म्हणजे चार चाकांचे स्केट्स, इथे कॉमेंटेटर सारखं क्वॉड क्वॉड म्हणतात ते वेगळंच काहीतरी दिसतंय.

गिरकी_४:
ताई, क्वॉड म्हणजे हवेत चार गिरक्या घेऊन मारलेली उडी. आता निकालाचं. शॉर्टला पहिला आलास म्हणून वेगळं काही मिळत नाही, दोन्ही दिवसांचे मार्क सरळ बेरीज होतात आणि फ्री स्केट, म्हणजे दुसरी फेरी, मोठं असतं, ४ मिनिटांचं, त्यात तेव्हा उड्यांचे ७ प्रयत्न होते, शॉर्टमध्ये फक्त ३. म्हणजे खरा मार्कांचा डोंगर फ्रीमध्येच आहे. अ‍ॅडमला शॉर्टमध्ये ७७.४९ मिळाले होते, उनोला १०७.३५, जवळजवळ ३० चा फरक. पण फ्रीमध्ये अ‍ॅडमने २०६.९० काढले आणि उनोच्या सुरुवातीलाच चुका झाल्या, तो १७३ च्या आसपास अडकला, झालं, संपला फरक. शॉर्टमधून फ्रीला २४ जण पुढे जातात आणि हा १९वा, म्हणजे जेमतेम आत आला होता हे लक्षात घ्या.

ठाणे_वेस्ट:
वरच्यात थोडी भर. प्रत्येक उडीची आधीच ठरलेली किंमत असते (लुट्झ, अ‍ॅक्सेल ही उड्यांची नावं, डबल म्हणजे दोन, ट्रिपल म्हणजे तीन गिरक्यांची), तेव्हा क्वॉड लुट्झ ११.५०, क्वॉड अ‍ॅक्सेल १२.५०, ट्रिपल अ‍ॅक्सेल ८. त्यावर जज -५ ते +५ देतात आणि एकेक पायरी म्हणजे त्या किमतीच्या १० टक्के. म्हणजे लुट्झ मारताना पडलात की साधारण अर्धे मार्क गेलेच, शिवाय पडल्याचा १ वेगळा कापतात. शॉर्टमध्ये अजून कडक आहे, अ‍ॅक्सेल निदान डबल पाहिजेच, एकच गिरकी झाली तर त्या उडीला शून्य. शिवाय नाचाचे, स्केटिंगच्या सफाईचे मार्क वेगळे असतात. पूर्वी ६.० पैकी मार्क द्यायचे, पण २००२ च्या सॉल्ट लेक ऑलिम्पिकमध्ये जजिंगचा मोठा घोटाळा झाला आणि ती पद्धत गेली. लोक म्हणतात हल्ली सगळी आकडेमोड झाली, मला अजिबात पटत नाही, जुन्या पद्धतीत १९ वरून तिसरा येणं जवळपास अशक्य होतं, नंबरावर नंबर लावायचे तेव्हा. आता पोराने त्या दिवशी जे केलं त्याचं त्याला मिळतं.

बर्फातली_मराठी:
मी मॉन्ट्रियललाच राहते आणि त्या दिवशी बेल सेंटरमध्ये होते!! तुम्ही व्हिडिओत बघितलं पण तिथे बसून काय वाटलं ते सांगते. अ‍ॅडम १९वा म्हणून अगदी पहिल्या गटात आला, अजून अर्धे लोक खुर्च्याही शोधत होते, आणि त्यानंतर त्याला बाकीचे सगळे येईपर्यंत वाट बघत बसायचं होतं, एकेक जण येतोय आणि त्याच्या खालीच राहतोय. शेवटी फक्त दोघे वर गेले, जपानचा कागियामा आणि अमेरिकेचा मॅलिनिन. मॅलिनिनचं तर काय सांगू, ६ क्वॉड, त्यात क्वॉड अ‍ॅक्सेल, म्हणजे अ‍ॅक्सेलला पुढे तोंड करून उडतात म्हणून साडेचार गिरक्या होतात, २२७.७९ मिळाले त्याला. मी उभी राहून ओरडत होते, दुसऱ्या दिवशी आवाज बसला.
आणि तुमच्या लेकीला पेअर्सपण (जोडीचं स्केटिंग) दाखवा. डिअ‍ॅना स्टेलाटो-डुडेक तेव्हा ४० वर्षांची होती, १६ वर्षं खेळ सोडून परत आली आणि त्याच आठवड्यात मॅक्सिम देशाँ या जोडीदाराबरोबर इथे सोनं जिंकली. मला त्या रात्री रडू आलं.

गिरकी_४:
कोलांटीचं राहिलं. तेव्हा बंदी होती, अ‍ॅडमचे २ मार्क कापले, तो जाणूनबुजून मारायचा. १९७६ ला अमेरिकेच्या टेरी कुबिकाने मारली होती, मग लगेच बंदी. पुढे फ्रान्सच्या सूर्या बोनालीने १९९८ ला नागानो ऑलिम्पिकमध्ये मारली आणि एका पायावर उतरली! जून २०२४ मध्ये बंदी उठली, म्हणजे या वर्ल्ड्सनंतर तीनच महिन्यांनी.

रोलरवाली_आई:
किती छान समजावलंत सगळ्यांनी, खूप आभार. लेकीला वाचून दाखवलं, लुट्झ आणि अ‍ॅक्सेल ही नावं तिला माहितीच होती कारण रोलरमध्येही तीच आहेत, पण साडेचार गिरक्या ऐकून ती गप्पच झाली. तिचं सिंगल अ‍ॅक्सेल अजून अर्धं राहतंय, आता म्हणतेय उद्या सकाळी सहाला रिंकवर सोड. आत्ता बोनालीचा व्हिडिओ शोधतोय आम्ही, नागानोचा.