ब्लॅकॲडर, पहिला सीझन: दीड तासात कोणते भाग दाखवावेत?

दादर_पूर्व: आमच्या नाट्यमंडळात शनिवारी १९८३चा ‘द ब्लॅक ॲडर’ (ब्लॅकॲडर या ब्रिटिश विनोदी टीव्ही मालिकेचा पहिला सीझन) दाखवायचाय. हॉल दीडच तास मिळतोय. सहांपैकी कोणते भाग घेऊ? मंडळींना पेशवाई तोंडपाठ, पण इंग्लंडचे सगळे हेन्री-एडवर्ड सारखेच वाटतात. आधी काय सांगून ठेवू?

बखरवाला: पहिला आणि तिसरा. साधारण अर्ध्या तासाचे आहेत, बोलायला वेळ उरेल.

पहिल्याआधी एवढं सांगाच. १४८३मध्ये एडवर्ड चौथा वारला. त्याची मुलं, १२ वर्षांचा एडवर्ड पाचवा आणि ९ वर्षांचा रिचर्ड, टॉवर ऑफ लंडनमध्ये ठेवली गेली ती कायमची गायब. गादीवर काका, रिचर्ड तिसरा. (‘काका मला वाचवा’ म्हणा, पुढचं समजावावं लागणार नाही.) २२ ऑगस्ट १४८५ला बॉसवर्थच्या लढाईत तो पडला आणि हेन्री ट्यूडर राजा झाला.

मालिकेत रिचर्ड लढाई जिंकतो, पण मालिकेचा नायक एडमंड त्याला घोडाचोर समजून त्याचं मुंडकं उडवतो! गादी मिळते गायब झालेल्या धाकट्या पुतण्याला. खरं तर तो तेव्हा १२ वर्षांचा असता. इथे दाढीवाला, डरकाळ्या फोडणारा नट ब्रायन ब्लेस्ड, तोही दोन मोठ्या मुलांचा बाप. हे वय ठाऊक नसेल तर अर्धी गंमत गेली.

तिसऱ्यासाठी थॉमस बेकेट, म्हणजे कँटरबरीचा आर्चबिशप (मोठा धर्मगुरू). हेन्री दुसरा संतापून काहीतरी बोलला आणि चार सरदारांनी २९ डिसेंबर ११७०ला त्याला चर्चमध्येच कापलं. थोडक्यात, ‘ध चा मा’.

चौथी_घंटा: ‘ध चा मा’ नको. तिथे मजकूर बदलल्याची आख्यायिका आहे; इथे मालिकेतला राजा (ब्लेस्ड) हेन्री दुसऱ्याचं वाक्य नुसतं उद्धृत करतो आणि दोन झिंगलेले सरदार तोच हुकूम समजतात. शब्द तेच, संदर्भ हुकला.

सबटायटल्स चालू ठेवा. पहिल्या भागात शेक्सपिअरच्या ओळी मोडूनतोडून पेरल्यात, श्रेयनामावलीत त्याचं नावही आहे. शिवाय ब्लेस्ड ओरडला की हॉलमध्ये शब्द फुटतात, आवाज आधीच तपासा.

परळ_लोकल: १९८६चा दुसरा सीझन पाहिलेले कोणी असतील तर त्यांना बजावा: इथे एडमंड बावळट आणि त्याचा नोकर बाल्ड्रिक हुशार आहे. पुढे उलट झालं. मला विचाराल तर दुसराच सरस, पण तो एलिझाबेथच्या काळातला, मध्ययुगाला उपयोग नाही. सहावा भाग तुकड्यात दाखवू नका, शेवट फुटतो.