मदत हवी आहे: शपथेचं वजन मोजायचंय, पण मूळ मापच हलकं होत असेल तर?

मंडळी, एक फँटसी कादंबरी लिहितेय आणि तिच्यातलं एक शास्त्र असं अडकलंय की पुढचं प्रकरणच सुचेना. इथे फिजिक्सवाले बरेच आहेत म्हणून विचारते.

तर त्या जगात शपथेला वजन असतं, अगदी खरंखुरं. एका ठराविक खाणीतला दगड हातात धरून शपथ घेतली की दगड जड होतो, मोडली की परत होता तसा. गोम अशी की साध्या मापांना हे वजन कळतच नाही, समोर लोखंड ठेवलं तर काटा ढिम्म. शपथेचा दगड फक्त दुसऱ्या शपथेच्या दगडासमोरच तोलता येतो. त्यामुळे एककही शपथेचंच, नाव ठेवलंय 'ठाम'. वेशीवरच्या एका रखवालदारणीने पूर्वी कधीतरी घेतलेली "दार सोडणार नाही" ही शपथ म्हणजे बरोब्बर एक ठाम. तो दगड किल्ल्यात कुलूपबंद, आणि तिच्या घराण्यातली थोरली मुलगी दर पिढीत त्याच दगडावर तीच शपथ घेते. लग्न, कर्ज, सैन्यभरती सगळीकडे शपथमापक दगड तोलून आकडा लिहिणार, दोन ठामांच्या खाली कर्ज नाही वगैरे.

आता प्रॉब्लेम. सध्याची रखवालदारीण आतून डळमळलीये. शपथ मोडलेली नाही, पण दगड हळूहळू हलका होतोय, आणि व्याख्येनेच तो एक ठाम आहे ना, म्हणजे तो हलका झाला की बाकी सगळ्या शपथा जड झाल्यासारख्या दिसणार! राज्यभर आनंदीआनंद, प्रजा प्रामाणिक झाली म्हणून राजा दवंडी पिटवतोय, कर्जं धडाधड मंजूर. हे मला जाम आवडलंय, पण माझी नायिका साधी शपथमापक आहे, तिला हे कळणार कसं?? तिच्याकडची सगळी मापं त्याच दगडावरून बेतलेली.

आणि अजून एक, दोन एक-ठामी दगड एकाच पारड्यात ठेवले तर दोन ठाम होतात का? मी होतात असं धरलंय पण खात्री वाटत नाही.

प्रतिसाद १
ताई, हे तर खऱ्या किलोग्रॅमचं झालं होतं की. १८८९ पासून किलोग्रॅम म्हणजे पॅरिसजवळ सेव्ह्र इथे ठेवलेला प्लॅटिनम-इरिडियमचा एक ठोकळा. तिजोरी उघडायला तीन वेगवेगळ्या लोकांकडच्या तीन किल्ल्या लागायच्या (हे ढापाच, सीन भारी होईल). त्याच्या प्रतींशी तुलना केली तर शंभरेक वर्षांत साधारण ५० मायक्रोग्रॅमचा फरक पडलेला, म्हणजे प्रती जड झाल्या की मूळ हलका झाला हे नुसतं तोलून ठरवताच येईना, कारण कागदावर मूळ ठोकळा चुकूच शकत नाही. शेवटी २० मे २०१९ पासून किलोग्रॅम प्लांकच्या स्थिरांकाला (निसर्गातला एक कधीच न बदलणारा आकडा) बांधला आणि ठोकळ्याची सद्दी संपली.
तेव्हा नायिकेला प्रती द्या. वेगवेगळ्या घराण्यांतल्या, एकमेकांना न ओळखणाऱ्या माणसांच्या जुन्या शपथा. त्या आपापसात जुळतायत आणि मुळाशी मात्र सगळ्या सारख्याच प्रमाणात जड, असं दिसलं की संशय मुळावर. पुरावा नव्हे हां, संशयच. पण कादंबरीला तेवढा पुरे.

प्रतिसाद २
बेरजेचं आधी ठरवा, त्याशिवाय 'दोन ठामांच्या खाली कर्ज नाही' ला काही अर्थ नाही. मोह्स नावाच्या खनिजशास्त्रज्ञाचं खनिजांच्या कठीणपणाचं माप बघा, १८१२ चं. कुरुंद ९, हिरा १०, पण हिरा एकाच पायरीने जास्त कठीण असं नाही, खरं अंतर कितीतरी मोठं. तिथे नुसता क्रम आहे, कोण कोणावर ओरखडा काढतो एवढाच. तुमचा तराजू पण फक्त कुठलं पारडं खाली गेलं एवढंच सांगत असेल तर तीन ठाम म्हणजे एका ठामाच्या तिप्पट हे कशावरून? मी तर म्हणेन शपथमापकांत यावरून दोन तट पाडा, एक बेरीजवाले आणि एक नुसते क्रमवाले, आणि कर्ज देणारे सावकार अर्थातच बेरीजवाले.

प्रतिसाद ३
वाचून २१ ग्रॅम आठवलं. मॅकडूगल नावाच्या अमेरिकन डॉक्टरने मरणासन्न माणसांना खाटेसकट काट्यावर ठेवून आत्म्याचं वजन काढायचा प्रयत्न केलेला, १९०७ ला छापलं. रुग्ण सहा, आणि गाजलेला आकडा त्यातल्या एकाचा. तुमच्या राजाकडे असा एखादा दरबारी शपथमापक पाहिजेच, सोयीचा दगड तेवढा दाखवणारा.
बाकी 'आईशप्पथ' चं वजन किती धरलंय? शून्य ना? 😄

धागाकर्ती
आईशप्पथला काटा उलटा जातो 😂
प्रतींचं घेतेच, तीन किल्ल्या पण. दोन तटांची आयडिया इतकी आवडली की नायिकेला क्रमवाली करतेय, म्हणजे राजाचा आनंदीआनंद तिला पहिल्यापासूनच खुपेल. पण प्लांकसारखं काहीतरी, जे शपथच नाही असं, कुठून आणू? डोक्यात एवढंच आलं की समोरच्या पारड्यात मोह ठेवायचा, शपथ मोडायला किती मोह लागतो ते बघायचं. पण मोह तर माणसागणिक वेगळा.

प्रतिसाद १
मोह नको, आणि मोजायला शपथ मोडावी लागली तर मूळ दगड तपासणारच कोण? खाणीकडे बघा ना. त्याच खाणीतल्या दगडात शपथ धरायची काही कमाल मर्यादा असेल, त्यापुढे तडकतो, तर ती मर्यादा दगडाची झाली, माणसाची नाही. जुन्या वह्यांत समजा 'चाळीस ठामांना तडकला' असं लिहिलेलं आणि आता तसलाच दगड पंचेचाळीसला तडकतोय, तर दगड बदलला की ठाम? फक्त एवढी मोठी शपथ घ्यायला माणूस कुठून आणणार ते तुम्ही बघा.