संशोधनाला हातभार लावणारा हिमनदी ट्रेक: खरंच उपयोग होतो का?

रानवाट

नमस्कार मंडळी. पुढच्या उन्हाळ्यात आल्प्समध्ये सात दिवसांचा एक हिमनदी ट्रेक आहे. आम्ही सहा जण, दोन मार्गदर्शक आणि हिमनद्यांवर पीएचडी करणारी एक विद्यार्थिनी. रोज चार-पाच तास बर्फावर चालायचं, बर्फात रोवलेल्या काठ्यांची मापं घ्यायची, एक दिवस खड्डा खणून थरांची घनता मोजायची. आपण भरलेल्या पैशांतला काही भागही संशोधनाला जातो म्हणे.

मी 47 वर्षांची आहे. डोंगरात चालायची सवय वीस वर्षांची, पण हिमनदीवर अजून पाय ठेवलेला नाही. जायची फार इच्छा आहे, म्हणूनच नीट विचारून घेतेय. उपग्रह वरून सगळं टिपत असताना आमच्यासारख्या नवख्यांच्या मापांना काही किंमत असते का? बुटांखाली क्रॅम्पॉन, म्हणजे बर्फात रुतणारे धातूचे दात, बांधून दिवसभर चालणं झेपेल का? आणि सगळ्यात जास्त टोचणारी गोष्ट: बर्फ वितळतोय म्हणून हळहळायचं आणि तोच बघायला विमानाने जायचं, याचा मेळ मला अजून घालता येत नाहीये. अनुभव असलेल्यांनी मोकळेपणाने लिहा.

सातवी_काठी

रानवाटताई, मी असे दोन ट्रेक केलेत, दोन्ही आल्प्समध्येच. पहिला सांगायलाच हवा, कारण तुमचा पहिला प्रश्न माझ्या मनात तिथेच उभा राहिला. आम्हाला प्रत्येकाला एक वही आणि एक थर्मामीटर दिला होता. दर तासाला हवेचं तापमान लिहायचं, बर्फ कसा दिसतो ते लिहायचं. मी पाच दिवस एकही तास चुकवला नाही. शेवटच्या दिवशी वही कुणी मागितलीच नाही. परत आल्यावर दोनदा लिहून विचारलं, उत्तर आलं नाही. ती वही अजून माझ्या कपाटात आहे आणि दिसली की वाईट वाटतं.

दुसऱ्या खेपेला गोष्ट वेगळी होती. तिथे मला एक काठी मिळाली, सात नंबरची.

या काठ्यांचं काम समजलं की तुमच्या प्रश्नाचं उत्तर आपोआप मिळतं. वाफेच्या ड्रिलने बर्फात कित्येक मीटर खोल भोक पाडतात आणि त्यात लांब काठी सोडतात. काठी बर्फात घट्ट बसते, हिमनदीबरोबर हळूहळू खालीही सरकते. उन्हाळ्यात वरचा बर्फ वितळत जातो तशी काठी उघडी पडते. जितकी जास्त बाहेर, तितका बर्फ गेला. आमची काठी आधीच्या गटाने जुलैत मोजली तेव्हा गुडघ्याएवढी बाहेर होती. आम्ही सप्टेंबरात पोचलो तेव्हा तिचं टोक माझ्या डोक्याच्या वर होतं. वितळण्याचे आकडे मी बरेच वाचले होते. पण त्या काठीशेजारी उभं राहिल्यावर मान वर करून बघावं लागलं, तेव्हा घशात काहीतरी दाटून आलं.

आता उपग्रहाचं. हिमनदीचा पृष्ठभाग किती खाली गेला हे उपग्रह उत्तम सांगतो. पण जे गेलं ते भुसभुशीत हिम होतं की टणक बर्फ, हे उंचीवरून कळत नाही, आणि दोन्हींच्या वजनात मोठा फरक असतो. टणक बर्फाचं घनमीटरला साधारण 900 किलो धरतात, म्हणजे एक मीटर बर्फ गेला तर 90 सेंटीमीटर पाणी गेलं. हिवाळ्यात साचलेल्या हिमाचं वजन त्याच्या निम्म्याच्या आसपास किंवा त्याहूनही कमी भरतं, आणि ते जागेनुसार बदलतं. म्हणून खड्डा. मागच्या उन्हाळ्याचा मळकट थर लागेपर्यंत खणायचं, प्रत्येक थरातून ठरावीक मापाची नळी भरून घ्यायची आणि वजन करायचं. हिवाळ्यात काय जमा झालं ते खड्डा सांगतो, उन्हाळ्यात काय खर्च झालं ते काठी सांगते. हिमनदीचा जमाखर्च असा मांडतात, त्यालाच मास बॅलन्स म्हणतात.

नवख्याच्या मापाची किंमत? माझी एक चूक सांगते. काठीच्या बुडाशी बर्फ जास्त वितळून वाटीसारखा खळगा पडतो. मी त्या खळग्याच्या तळापासून टेप लावला आणि आकडा मोठ्याने सांगितला. विद्यार्थिनीने शांतपणे आइस ॲक्स आडवी टाकून आजूबाजूच्या पृष्ठभागाची पातळी धरली आणि मला पुन्हा मोजायला लावलं. तीनदा. मग दुसऱ्या माणसाकडून पुन्हा. दोघांचं जुळलं तेव्हाच तो आकडा वहीत गेला. म्हणजे नवख्याचं माप चालतं, पण त्यावर जाणत्याची नजर हवी आणि ते त्याच जागी, त्याच पद्धतीने, वर्षानुवर्षं घेतलेलं हवं. स्वित्झर्लंडच्या क्लारिडेनफिर्नवर दोन ठरावीक जागी 1914 पासून हिशोब ठेवलाय, मध्ये दोन महायुद्धं येऊन गेली तरी. ऑस्ट्रियातल्या अल्पाइन क्लबचे स्वयंसेवक 1891 पासून हिमनद्यांची टोकं मोजतायत: खडकावर रंगाची खूण करायची आणि तिथून बर्फापर्यंत टेप धरायचा. हे सगळेच काही शास्त्रज्ञ नव्हते.

म्हणून आयोजकांना एवढंच विचारा: आम्ही ज्या काठ्या मोजणार त्यांची मागच्या वर्षीची मापं दाखवाल का, आणि आमची मापं कुणाकडे जमा होणार? ज्यांचं काम खरं आहे ते कोणत्या विद्यापीठाकडे किंवा कोणत्या देशाच्या हिमनदी नोंदींत ती जातात हे लगेच सांगतात. त्या देशोदेशींच्या नोंदी झुरिकच्या जागतिक हिमनदी निरीक्षण केंद्रात एकत्र होतात. जे नुसतीच फोटोंची फाइल पाठवतात त्यांच्याबरोबर फिरायला खुशाल जा, फक्त ते संशोधन समजू नका.

निळा_बर्फ

मी उन्हाळ्यात मार्गदर्शकांबरोबर मदतनीस म्हणून काम करतो, तेव्हा दुसऱ्या प्रश्नाबद्दल.

वीस वर्षांची चाल असेल तर दम पुरेल. अडचण येते ती घोट्यांची. क्रॅम्पॉनचे सगळे दात एकदम बर्फात रुतावे लागतात, पाऊल सपाट टाकायचं, दोन पावलांत अंतर ठेवायचं, नाहीतर दात स्वतःच्याच पँटमध्ये अडकतो आणि माणूस कोसळतो. पहिला अर्धा दिवस याच सरावाला दिलेला आहे ना, ते बघा. बूट कडक तळव्याचे हवेत. मऊ बुटावर क्रॅम्पॉन निसटतो.

उघड्या बर्फाची हिमनदी आणि हिमाने झाकलेली हिमनदी यांतला फरक मात्र आत्ताच समजून घ्या. उघड्या बर्फावर भेगा डोळ्यांना दिसतात. झाकलेल्या भागात त्याच भेगांवर हिमाचा पातळ पूल असतो आणि तो वरून जमिनीसारखाच दिसतो. तिथे दोराशिवाय एक पाऊलही टाकायचं नाही, फोटोसाठीसुद्धा नाही. दुपारच्या उन्हाने हे पूल मऊ पडतात, म्हणून अंधारात निघायचं आणि दुपारच्या आत परतायचं. मार्गदर्शक पहाटे घाई करत असेल तर त्याच्यावर चिडू नका.

आणि तो मागे फिरू म्हणाला तर फिरायचं. 3 जुलै 2022 ला इटलीत मार्मोलाडाच्या हिमनदीचा मोठा तुकडा सुटला आणि 11 जण गेले. त्या दिवसांत शिखरावरही तापमान 10 अंशांच्या घरात पोचलं होतं. ऊन वाढलं तसे जुने अंदाज चुकू लागलेत, हे आम्हाला दरवर्षी जाणवतं. मार्गदर्शकाकडे आंतरराष्ट्रीय पर्वतमार्गदर्शक महासंघाचा परवाना आहे का ते विचारा आणि हेलिकॉप्टरने सुटका करावी लागली तर विम्यात ते बसतं का, हेही कागदावर बघून घ्या.

ओंजळ

तिसऱ्या प्रश्नावर कुणी बोललं नाही. मी स्वतः न जायचं ठरवलंय, तेव्हा माझी बाजू मांडते. 2018 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासानुसार हवेत गेलेल्या प्रत्येक किलो कार्बन डायऑक्साइडमागे पुढेमागे सुमारे 15 किलो हिमनदीचा बर्फ वितळतो. लांबच्या विमानप्रवासात एका माणसाच्या वाट्याला शेकडो किलो, कधी टनाच्या वर कार्बन येतो. गुणाकार तुम्हीच करा. मला तो करून झोप लागली नाही. ते पैसे मी थेट संशोधनाला देईन.

सातवी_काठी

ओंजळताई, तुमच्या आकड्यावर माझं काही म्हणणं नाही, तो खरा आहे आणि जड आहे. तुमचा निर्णय मला पटतो. माझ्यापुरतं मी असं ठरवलं की केवळ ट्रेकसाठी विमानात बसायचं नाही. दुसऱ्या वेळी मी कामानिमित्त युरोपात होतेच, तिथून रेल्वेने गेले. मी वाचलेली काठी विमानाचा कार्बन भरून काढते असं मी कधीच म्हणणार नाही. ते दोन वेगळे हिशोब आहेत आणि आयोजक त्यांची बेरीज-वजाबाकी करून दाखवू लागले तर सावध व्हा.

एक मात्र सांगावंसं वाटतं. स्वित्झर्लंडमधल्या हिमनद्यांचा 10 टक्के बर्फ 2022 आणि 2023 या दोनच वर्षांत गेला. हे एवढं नेमकं आपल्याला सांगता येतं, कारण कुणीतरी दर वसंतात खड्डे खणले आणि दर शरदात काठ्या वाचल्या. तिथे जवळ राहणाऱ्यांनी, किंवा आधीच त्या बाजूला असलेल्यांनी हे काम करावं. ते थांबू नये असं मला मनापासून वाटतं.

रानवाट

सगळ्यांचे आभार. दोन दिवस थांबून लिहितेय, कारण आयोजकांच्या उत्तराची वाट बघत होते. सातवी_काठी, तुम्ही सांगितलेला प्रश्न जसाच्या तसा पाठवला. मागच्या चार वर्षांच्या मापांचा तक्ता आला, सोबत विभागप्रमुखांचं पत्र. एका काठीपुढे दोन वर्षं रिकामी आहेत आणि खाली कारण दिलंय: तिथला बर्फ सरकून भेग पडली, जाणं धोक्याचं. ती रिकामी जागा बघून मला जास्त विश्वास वाटला.

ओंजळ, तुमचं उत्तर मी वारंवार वाचलं. पुढच्या उन्हाळ्याचं नाव मागे घेतेय. त्याच्या पुढच्या वर्षी बहिणीकडे जायचंच आहे, ती त्या डोंगरांपासून रेल्वेने पाच तासांवर राहते. तेव्हाच्या गटात नाव घालायला सांगितलंय. तोवर संशोधनाचा वाटा तेवढा थेट विद्यापीठाला पाठवते, पत्रात खातं दिलंय. निळा_बर्फ, कडक तळव्याचे बूट आत्ताच घेऊन वर्षभर वापरून बघेन.

एकच राहिलं. मापं लिहायला वही न्यायची की फोन पुरेल?

सातवी_काठी

दोन्ही न्या, पण आधी वहीत लिहा. थंडीत फोनची बॅटरी बसते आणि ओल्या हातमोज्यांनी पडदा चालत नाही. वही पाणी न लागणाऱ्या कागदाची, आणि पेन्सिल. बॉलपेनची शाई गोठते. पेन्सिल दोरीने वहीला बांधा, माझी पहिल्याच दिवशी भेगेत गेली. आणि जमलं तर मला एवढं कळवा: सात नंबर अजून उभी आहे का. तुमच्या तक्त्यातल्या हिमनदीचं नाव मी ओळखलं.