जानोसा आमचा, पण हॉटेलचं बिल कोणाचं?

प्रश्न: पोरीचं लग्न मे महिन्यात, नागपुरात वर्धा रोडच्या लॉनवर. मुलाकडचे पुण्याहून येणार. जानोसा, म्हणजे वऱ्हाडाची उतरायची सोय, आपल्याकडे मुलीवाल्यांचाच, ते मान्य. लॉनच्याच खोल्या, गाद्या, कूलर सगळं ठरलंय. आता व्याही म्हणतात, मुलाच्या ऑफिसातल्या मित्रांना एसी हॉटेल पाहिजे, तेही दोन रात्री. हे बी आमच्याच माथी का?

उत्तर: मित्र ज्याचे, बिल त्याचं. आत्ताच बोला, बिदाईच्या वेळी नाही.

उत्तर: काकू, सीताबर्डीत लॉज पाहा, स्टेशनही जवळ. खोलीत मागवलेल्या जेवणाचं बिल मात्र वेगळं ठेवा, खरी भानगड तिथंच होते.

उत्तर: नागपूरच्या मे महिन्यात पुणेकर कूलरवर? एसी द्या बाप्पा, अर्धे-अर्धे करा.

काकू: फोन केला. अर्धे देतो म्हणाले व्याही. आता त्यांच्या आत्याबाईंना तळमजल्याचीच खोली पाहिजे!