उजनी बॅकवॉटरची अर्ध्या दिवसाची गाईडवाली टूर, सोलापूरहून म्हातारी माणसं आणि लेकरू घेऊन जमेल का?

जुळेसोलापूरकर:
नमस्कार मंडळी. उजनी धरणाच्या बॅकवॉटरला भिगवण-कुंभारगावकडं सकाळची बोट, पक्षी दाखवणारा गाईड, नाष्टा, दुपारचं जेवण असं हाफ डे पॅकेज असतंय म्हणे, एकाशी फोनवर बोललो पण तो सगळ्यालाच 'होतंय की, या तुम्ही' म्हणतोय म्हणून इथं विचारतोय. आम्ही पाच जण, मी, बायको, मुलगी नऊ वर्षांची आणि आई-वडील. वडील ६९ चे, सगळी उमर लूमवर उभं राहून काम केलंय त्यामुळं गुडघे गेलेत, खाली बसून उठायला आधार लागतो. पण हा बेत त्यांच्यासाठीच चाललाय. रोज सकाळी पेपर उघडला की पहिलं 'उजनी किती टक्के' बघतात, नळाला पाणी कधी सुटणार त्याचा हिशोब त्यावरच लावतात, चाळीस वर्षं हेच चाललंय आणि ते पाणी जवळनं कधी बघितलंच नाही, पुण्याला जाताना भीमानगरच्या पुलावरनं एसटीच्या खिडकीतनं जेवढं दिसतं तेवढंच.

तर गड्डा, म्हणजे आपली सिद्धेश्वराची यात्रा, झाल्यावर जानेवारीच्या शेवटी जावं का फेब्रुवारीत? पहाटे तीनला इथनं निघून जमेल का? बोटीत बसता येईल का त्यांना? आणि आई माळकरी आहे, तिकडं सगळीकडं मासेच असतात असं ऐकलंय. गेलेल्यांनी जरा सविस्तर सांगा.

सातरस्ता_पक्षीवाला:
दादा, सात-आठ हिवाळे झाले जातोय, सांगतो.

पहिली गोष्ट, हाफ डे हे पुण्यावाल्यांच्या हिशोबानं आहे, त्यांना भिगवण शंभर किलोमीटर. आपल्याला दीडशेच्या आसपास पडतं आणि पुढं कुंभारगावला आत जायचं. टूर अर्ध्या दिवसाचीच पण जाणं-येणं धरलं तर आपला अख्खा दिवस जातो. तीनला निघायचा विचार सोडा. जानेवारीत कारखाने चालू असतात, टेंभुर्णी-इंदापूर पट्ट्यात रात्रभर उसाच्या डबल ट्रॉल्या, मागं लाईट नाही, रेडियम नाही, त्यात धुकं पडलं तर समोर ट्रॉली आहे हे ब्रेक मारायच्या वेळीच कळतं. मी एकदा लेकरं घेऊन असा गेलोय, परत जाणार नाही. आदल्या दिवशी दुपारी निघा, तिथं गावातल्या लोकांनी घरगुती राहायची सोय केलेली असते, रात्री लवकर झोपा आणि साडेसहाला काठावर हजर.

आता कधी जावं. हे तारखेवर नसतं ओ, पाण्यावर असतं. फ्लेमिंगो म्हणजे आपला रोहित, अग्निपंख म्हणतात काही जण, तो उथळ पाण्यात उभा राहून मान खाली घालून चोच उलटी करून चिखलमिश्रित पाणी गाळून खातो. धरण काठोकाठ भरलेलं असलं तर त्याला उभं राहायला जागाच नसते. कॅनॉलला आवर्तन सुटलं, पाणी मागं सरकलं, चिखलाचे पट्टे उघडे पडले की मग थवे दिसायला लागतात. त्यामुळं चांगला पाऊस झालेल्या वर्षी फेब्रुवारी-मार्च धरा, कमी पावसाच्या वर्षी आधी. तुमच्या वडिलांना तर रोजचा टक्का पाठ आहे, त्यांनाच विचारा की, त्यांच्याएवढं बरोबर कोण सांगणार! फक्त त्यांना एक सांगा, पेपरातला टक्का वरच्या साधारण ५३-५४ टीएमसीचा असतो, त्याच्या खाली ६३ टीएमसीच्या वर मृतसाठा असतो, एकूण ११७. म्हणून मायनसमध्ये गेलं तरी धरण कोरडं नसतं, आत भरपूर पाणी असतं आणि बोटीही चालतात.

रोहित नाही दिसला तरी रिकाम्या हातानं येत नाही कोणी. पट्टकादंब असतात, डोक्यावर दोन काळे पट्टे, हिमालय ओलांडून येणारं हंसाच्या जातीचं पाखरू, सकाळी काठच्या रानात चरायला बसलेलं असतं. चक्रवाक, चित्रबलाक, थापट्या, राखी बगळे, मासा पायात पकडून नेणारा कैकर. आणि पांढऱ्या कपाळाचं काळं पाखरू झुंडीनं पोहत असतं त्याला आपल्यात वारकरी म्हणतात, आईंना ते आवर्जून दाखवा, नाव ऐकूनच खूश होतील.

गाईड घ्याच, पण बघून घ्या. मासेमारी करणाऱ्या घरातली पोरं तिथं चांगली तयार झालीत, पाखराचं मराठी, इंग्रजी दोन्ही नाव सांगतात आणि कुठल्या वळणाला काय बसलंय ते त्यांना काल संध्याकाळचं माहीत असतं. चांगल्याची खूण एकच, थवा लांबून दिसला की तो इंजिन बंद करतो आणि बांबूनं हळूहळू नेतो. काही जण फोटोसाठी बोट थव्यात घालून पाखरं उडवतात. तसं करायला लागला तर स्पष्ट नाही म्हणा. ते पाखरू दिवसभर खाऊन जी ताकद गोळा करतं ती आपल्या एका फोटोपायी उधळायची हे बरोबर नाही, आणि दोन-तीनदा उडवलं की थवा ती जागाच सोडतो, मग मागनं येणाऱ्यालाही काही दिसत नाही.

बोटीचं भाडं माणशी आहे का अख्ख्या बोटीचं, किती तास, जेवण त्यात धरलंय का, हे सगळं फोनवरच ठरवून मेसेज मागवून घ्या.

केत्तूरकर:
सगळे भिगवण भिगवण करत्यात पण उजनीचं पाणी आपल्या सोलापूर जिल्ह्यातबी हाय की राव. करमाळा तालुक्यात केत्तूर, कुगाव, चिखलठाण ह्या बाजूला फ्लेमिंगो उतरतोच, गर्दी कमी, रेल्वेनं आलात तर पारेवाडी स्टेशन जवळ. पण खरं बोलायचं तर तुमच्याबरोबर म्हातारी माणसं हायत, हिकडं राहायची-जेवायची सोय कुंभारगावसारखी नाही, म्हणून पहिल्या वेळेला तिकडंच जावा, पुढच्या टायमाला हिकडं या.

मला सांगायचंय ते बोटीचं. लाइफ जॅकेट घातल्याशिवाय कुणीबी बोटीत पाय ठेवायचा नाही, लेकराच्या मापाचं जॅकेट हाय का ते आदीच विचारा, मोठ्याचं जॅकेट लेकराच्या डोक्यातनं निघून जातंय. २१ मे २०२४ ला सांजच्याला वादळी वारं सुटलं आन् कुगाववरनं कळाशीला निघालेली प्रवाशांची बोट उलटली, सहा माणसं गेली. त्यात लहान लेकरं बी हुती. आमच्या हिकडं दोन्ही काठाला पै-पाव्हणं असत्यात, रस्त्यानं लई लांबचा वळसा पडतो म्हणून माणसं बोटीनंच ये-जा करत आल्यात, त्यामुळं त्या दिवसाचं दुःख ह्या काठालाबी हाय आन् त्या काठालाबी. म्हणून सांगतो, सकाळचं पाणी शांत असतंय तेव्हाच फिरा आन् ऊन चढून वारं सुटायच्या आत काठाला या. बोटवाला 'आजून एक राउंड मारू' म्हणला तरी नको म्हणा. बोटीत माणसं जास्त वाटली तर दुसरी बोट घ्या, चार पैसे जात्याल.

वडलांचं म्हणाल तर बोटीत आडव्या फळ्या असत्यात, त्यावर पाय खाली सोडून बसता येतं, मांडी घालायला लागत नाही. आवघड काय तर चढणं-उतरणं. काठाला चिखल असतो आन् बोट हलती. दोघांनी दोन्हीकडनं धरा. प्लॅस्टिकची खुर्ची मागून घ्या, आदी तिच्यावर पाय मग बोटीत.

भीमाकाठची_लेक:
सासर सोलापूर, माहेर पळसदेव, इंदापूर तालुका. वाचून राहवलं नाही म्हणून लिहितेय.

दादा, गाईडला एवढं नक्की विचारा की आपण आत्ता कुठल्या गावावरून चाललोय. धरण १९८० ला पूर्ण झालं पण त्याच्या आधीपासूनच पाणी चढत होतं आणि माणसं उठत होती. आमचं जुनं गाव नदीच्या काठाला होतं, आता हायवेला दिसतं ते नवं पळसदेव. जुन्या गावातलं पळसनाथाचं हेमाडपंती देऊळ अजून पाण्यात उभं आहे, पाणी उतरलं की आधी शिखर दिसतं आणि उजनी फार खाली गेली त्या उन्हाळ्यात चालत जाता येतं, वीरगळ आहेत, दगडी खांब आहेत, एवढी वर्षं पाण्यात राहून जागचे हललेले नाहीत. २०२४ च्या उन्हाळ्यात उघडं पडलं तेव्हा माझी आई गेली होती, तिनं देवळापासून पावलं मोजत मोजत आमच्या घराची जागा दाखवली, तिथं काहीच नव्हतं, नुसता भेगाळलेला गाळ आणि त्यात शिंपले, पण ती म्हणाली हा उंबरा, आणि तिथंच थोडा वेळ बसली.

आता पाणी उतरलं की त्या गाळावर लोक पिकं घेतात, गाळपेर म्हणतात त्याला, काहींचं पोट मासेमारीवर आणि काही तुम्हाला पक्षी दाखवतात. जो पोरगा बोट चालवेल त्याच्या आजोबांची जमीन बहुतेक त्याच पाण्याखाली असेल. त्याच्याशी बोला, त्याला खूप माहीत असतं, पण सगळे फक्त फ्लेमिंगो कुठंय एवढंच विचारतात. तुमचे वडील ज्या पाण्याची वाट बघतात ते आमच्या गावावर साठलेलं आहे. हे रागानं नाही लिहीत, सोलापूरला पाणी मिळतंय याचं मला बरंच वाटतं, मी पण तेच पिते. फक्त माहीत असावं.

सातरस्ता_पक्षीवाला:
ताई, इतक्या वेळा गेलो पण हे कधी कुणाला विचारलं नाही. पुढच्या वेळी विचारणार.

जुळेसोलापूरकर, अजून एक. जायच्या आधी एखाद्या रविवारी मुलीला आणि वडिलांना हिप्परग्याला नेऊन आणा, तुळजापूर रोडला, आपला एकरुख तलाव, १८७१ चा, इंग्रजांच्या काळातला. नाहीतर संभाजी तलाव आहेच. दुर्बिणीतनं बघायची सवय इथंच होऊ द्या, नाहीतर पोरांचा बोटीतला अर्धा वेळ दुर्बीण डोळ्याला लावण्यातच जातो. वारकरी आणि थापट्या इथंच दिसतील.

जुळेसोलापूरकर:
सगळ्यांचे आभार. फेब्रुवारीच्या दुसऱ्या शनिवारी जाऊन आलो, राहिलेलं लिहितो म्हणजे पुढच्याला उपयोग होईल.

शुक्रवारी मुक्काम केला. थंडी भयंकर, पाण्यावर त्याहून जास्त, वडिलांना स्वेटर, कानटोपी आणि वरनं आपली सोलापुरी चादर, त्याशिवाय बसवलं नसतं. लेकराच्या मापाचं जॅकेट आधीच सांगून ठेवलं होतं म्हणून मिळालं. खुर्चीची आयडिया एकदम बरोबर निघाली, वडील आरामात चढले. पावणेसातला निघालो, साडेनऊला परत. रोहित लांब एका पट्ट्यावर, दोनशेच्या वर असतील, पोरानं इंजिन बंद केलं आणि आम्ही लांबच थांबलो. मुलीनं विचारलं की काही मळकट राखाडी का दिसतात, तर ती पिल्लं, खाण्यातनं रंग चढतो, गुलाबी व्हायला काही वर्षं लागतात असं त्यानं समजावून सांगितलं.

ताई, तुमचं लक्षात ठेवून मी विचारलं. त्यानं हात करून दाखवलं, त्या बाभळीच्या सरळ रेषेत आमच्या पणजोबांची विहीर. मग वडिलांनीच त्याच्याशी बोलायला सुरुवात केली, किती एकर गेली, बदल्यात कुठं मिळाली, किती वर्षांनी मिळाली. मी त्यांना इतकं बोलताना बघितलं नव्हतं. उतरताना त्यांनी त्या पोराला घरनं नेलेली कडक भाकरी आणि शेंगा चटणी दिली, पिशवीच दिली सगळी.

आईचं जेवण आदल्या दिवशी सांगून ठेवा, वेगळी पिठलं-भाकरी करून देतात, मात्र तवा-भांडी वेगळी पाहिजेत हे स्पष्ट सांगा. आम्ही बाकीच्यांनी चिलापी मासळी खाल्ली, ताजी असल्यावर काय लागते!

होटगीरोड_वाचक:
छान लिहिलंय सगळ्यांनी. आम्ही मार्चमध्ये जायचं म्हणतोय, सासूबाईंना बोटीत चक्कर येते, काठावरनं काही दिसतं का?

केत्तूरकर:
दिसतं की. पट्टकादंब तर रानातच असत्यात सकाळी. पण मार्चच्या शेवटाला परतायला लागत्यात, लवकर या.