मदत हवी आहे : नेव्हेना कोकानोवाचे चित्रपट कुठे मिळतील?

नमस्कार मंडळी. नेव्हेना कोकानोवा (1938–2000) या बल्गेरियन अभिनेत्रीच्या कारकिर्दीवर एक टिपण लिहायला घेतलंय. अभिनयाचं रीतसर शिक्षण न घेता ती याम्बोलच्या नाट्यगृहातून पुढे आली आणि पुढे तिला बल्गेरियन सिनेमाची 'फर्स्ट लेडी' म्हटलं जाऊ लागलं.

वुलो रादेव्ह यांचा 1964 चा 'द पीच थीफ' मी पाहिलाय. पहिल्या महायुद्धाचा शेवट, कर्नलची बायको लिझा, सर्बियन युद्धकैद्यावर जडलेला तिचा जीव. कोकानोवा यात फारसं बोलतच नाही, सगळं डोळ्यांत. इतका संयत अभिनय मी क्वचितच पाहिलाय!

अडलंय ते पुढे. 'टोबॅको' (1962) आणि 'डीटूर' (1967) यांच्या इंग्रजी सबटायटल्स असलेल्या बऱ्या प्रती कुठे मिळतील? 'डीटूर' तर हवाच, कारण माझ्या मते तिची खरी उंची कळायला लिझानंतर लगेच तोच पाहायला हवा. पुण्यातल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात किंवा एखाद्या फिल्म सोसायटीकडे यांपैकी काही पाहिल्याचं कुणाला आठवतंय का? तिच्या रंगभूमीवरच्या कामाबद्दल इंग्रजीत किंवा हिंदीत काही वाचलं असेल तर तेही कृपया सांगा.