तैको एकटा दणकतो, स्ट्रिंग्ज आल्या की गायब! पर्कशन लायब्ररी निवडायला मदत हवी आहे

मंडळी, एका लघुपटाचं पार्श्वसंगीत करतोय. पाठलागाच्या प्रसंगाला तैको (मोठा जपानी ढोल), बास ड्रम आणि टॉम असा मोठा ताफा हवा आहे. सध्याच्या लायब्ररीतला (म्हणजे संगणकावर वाजवायच्या मुद्रित आवाजांच्या, सॅम्पल्सच्या संचातला) तैको सोलो केला की खोली हादरते. चेलो आणि डबल बास सुरू झाले की मात्र ठोका हरवतो, खाली नुसती घरघर उरते.

बासच्या ट्रॅकवर 80 हर्ट्झच्या खालचं कापून पाहिलं. थोडी जागा झाली, पण चामड्यावर काठी पडतानाचा ‘टक्’ काही वर येत नाही. 2 ते 4 किलोहर्ट्झ उचललं की आवाज कर्कश होतो. माझा संशय असा की कॉम्प्रेशन, डिस्टॉर्शन आणि हॉलची गुंज सगळं सॅम्पलमध्येच मुरलेलं आहे. क्लोज माइक (ढोलाजवळच्या माइकचा आवाज) वेगळा मिळत नाही, मग ठोका पुढे आणि गुंज मागे ठेवणार कशी?

दुसरी अडचण चौगुनीतली. राउंड रॉबिन (एकाच ठोक्याची आलटून पालटून वाजणारी वेगवेगळी मुद्रणं) दोनच, त्यामुळे जलद ठोके आले की सरळ मशीनगन. व्हेलॉसिटी (ठोक्याचा जोर) कमीजास्त केली, ठोके ग्रिडवरून काही मिलिसेकंद मागेपुढे सरकवले, तरी तेच दोन आवाज आलटून पालटून कानावर येतात.

म्हणून नवीन लायब्ररी घ्यायची आहे. दोन नावं मनात आहेत. स्पिटफायरची एचझेड (हान्स झिमर) पर्कशन लंडनच्या एअर स्टुडिओजच्या लिंडहर्स्ट हॉलमध्ये ध्वनिमुद्रित झालेली आहे, आणि त्या हॉलचा श्वास मला फार आवडतो. दुसरी हेविऑसिटीची डॅमेज 2, स्कायवॉकर साउंडमध्ये मुद्रित झालेली. दोन्ही कॉन्टॅक्ट प्लेअरमध्ये (कॉन्टॅक्ट या सॅम्पल वाजवणाऱ्या सॉफ्टवेअरची मोफत आवृत्ती) चालतात, हे माझ्यासाठी महत्त्वाचं. विकतचं पूर्ण कॉन्टॅक्ट लागणारी लायब्ररी प्लेअरमध्ये उघडली तर 15 मिनिटांत डेमो संपतो.

लायब्ऱ्यांचे ऐकवण्याचे डेमो ट्रॅक सगळेच भव्य वाटतात, कारण त्यांत ढोलांनाच मोकळं मैदान असतं. भरगच्च स्ट्रिंग्जखाली या दोन्हींपैकी काय टिकतं, हे वापरणाऱ्यांकडूनच कळेल. गुंज लांबली की चौगुनीत एचझेडचे ठोके एकमेकांत मिसळतात का? डॅमेज 2 मधली प्रक्रिया पूर्ण बंद करून साधा ढोल मिळतो का? माझ्याकडे 16 जीबी रॅम आणि एसएसडी आहे. सगळे माइक चालू ठेवले तर झेपेल, की एकेक ट्रॅक ऑडिओत काढत जावं लागेल?

कोणाकडे असतील तर फक्त क्लोज माइकवरचे तैकोचे काही ठोके, हळूपासून जोरापर्यंत, कुठलंही प्रोसेसिंग न करता ऐकवाल का?